फ्रान्समधील वृद्ध स्थलांतरित कामगार आणि वास्तव्याची अट

युद्धोत्तर काळात अल्जीरिया, मोरोक्को आणि ट्युनिशियातून फ्रान्सला गेलेले कामगार बांधकामांवर, खाणींत आणि मोटार कारखान्यांत राबले. १९५६ नंतर त्यांच्यासाठी सरकारी पुढाकाराने वसतिगृहे उभारली गेली. एकट्या पुरुषाने काही वर्षे काढावीत आणि परत जावे, असा त्यामागचा हिशेब होता. त्यामुळे अनेक खोल्या दहा चौरस मीटरहूनही लहान होत्या. जुलै १९७४ मध्ये नव्या कामगारांना प्रवेश बंद झाला, तेव्हा गावी गेल्यास पुन्हा येता येणार नाही, या धास्तीने बरेच जण तिथेच थांबले. १९७६ मध्ये कुटुंब आणण्याची नियमबद्ध मुभा मिळाली, पण पुरेशा घराची अट वसतिगृहातील खोलीने पूर्ण होणे शक्य नव्हते.

खरा पेच निवृत्तीनंतर सुरू झाला. वर्गणीवर आधारित निवृत्तिवेतन कोणत्याही देशात घेता येते; मात्र तुटक रोजगार आणि मालकांनी न नोंदवलेली वर्षे यांमुळे ते तुटपुंजे असते, आणि त्याला किमान पातळीवर आणणारा पूरक वृद्धभत्ता फ्रान्समध्ये राहणाऱ्यालाच मिळतो. २००७ च्या नियमाने त्यासाठी वर्षातून सहा महिन्यांहून अधिक वास्तव्य ठरवले, तर घरभाड्याच्या मदतीसाठी आठ महिने लागत. एकाच माणसाने दोन वेगळे हिशेब सांभाळायचे, तेही बहुधा निरक्षर असताना. २००९ च्या सुमारास दक्षिणेतील काही वसतिगृहांत पासपोर्टवरील शिक्के तपासले गेले आणि हजारो युरोंच्या वसुलीच्या नोटिसा निघाल्या. ही अट सर्वच भत्ताधारकांना लागू आहे, हा प्रशासनाचा युक्तिवाद कागदोपत्री बरोबर आहे. परंतु कुटुंब आणता येणार नाही अशा खोलीत राज्यव्यवस्थेनेच ज्यांची सोय केली, त्यांच्या बाबतीत तो फारच सोयीस्कर वाटतो.

पर्याय दिले गेले नाहीत, असे नाही. १९९८ च्या कायद्याने निवृत्तांसाठी दहा वर्षांचे ओळखपत्र आणले. त्यावर ये-जा मोकळी झाली, पण धारक परदेशस्थ ठरत असल्याने पूरक भत्ता सुटला आणि आरोग्यविम्याचे संरक्षणही आक्रसले. मायदेशी दीर्घकाळ राहू देणाऱ्या स्वतंत्र साहाय्याची तरतूद २००७ मध्ये झाली, तिचे नियम निघायला २०१५ उजाडले. लाभार्थी अत्यल्प राहिल्याने पुढे त्याजागी अधिक सैल अटींची योजना आणावी लागली. मूळ पूरक भत्त्यासाठीची वास्तव्याची मर्यादा मात्र सप्टेंबर २०२३ पासून सहा महिन्यांवरून नऊ महिन्यांवर नेण्यात आली.