जुन्या दाव्याची माहिती लपवू नका : आमच्या पक्षकारांसाठी माहितीपत्रक

वाटणी, बांध, शेतरस्ता किंवा मावेजाचा (जमिनीच्या नुकसानभरपाईचा) वाद घेऊन आपण आमच्या गंगाखेडच्या कार्यालयात येता, तेव्हा या जमिनीवरून पूर्वी कोणत्या कोर्टात किंवा तहसीलमध्ये प्रकरण चालले होते काय, हे आम्ही सर्वांत आधी विचारतो. हा प्रश्न अनेकांना अडचणीचा वाटतो. मागे एका वयस्कर शेतकऱ्याच्या पिशवीत सातबारा आणि फेरफाराच्या खाली चार घड्या घातलेली, पिवळी पडलेली निकालाची नक्कल निघाली. त्यांचा दावा पूर्वीच नामंजूर झाला होता. ते म्हणाले, "ते जुनं हाय साहेब, आता पोराच्या नावानं टाकू."

तसे करता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या कलम 11 नुसार गुणदोषांवर अंतिम निकाल लागलेला वाद त्याच पक्षकारांना, अथवा त्यांच्याकडून आलेल्या हक्कावर उभे राहणाऱ्या वारसांना, पुन्हा उकरून काढता येत नाही. नव्याने दाखल करण्याची परवानगी न घेता दावा काढून घेतला असेल, तरीही त्याच कारणासाठी दुसऱ्या दाव्याची वाट बंद होते.

लपवण्याचा परिणाम याहून वाईट असतो. समोरच्याला नोटीस न देता मिळवलेला मनाई हुकूम महत्त्वाच्या बाबीवर जाणूनबुजून खोटे सांगून मिळवला असल्याचे दिसले, तर याच संहितेच्या आदेश 39, नियम 4 प्रमाणे तो सामान्यतः रद्द होतो. आणि अपुऱ्या कारणांवर मनाई घेतल्याचे ठरल्यास कलम 95 खाली 50,000 रुपयांपर्यंत भरपाई द्यावी लागू शकते. चेंगलवराया नायडू प्रकरणात वादीने स्वतः लिहून दिलेले हक्कसोडपत्र कोर्टापासून दडवून वाटणीचा हुकूमनामा मिळवला होता. ज्याचा दावाच असत्यावर उभा आहे, त्याला कोणत्याही टप्प्यावर बाहेर काढता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने 1993 मध्ये त्या प्रकरणात स्पष्ट केले.

खोट्या दाव्याबद्दल दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 35-अ खालील भरपाईची मर्यादा 3,000 रुपये आहे, हे ऐकून काही जण निर्धास्त होतात, आणि त्याचीच आम्हाला काळजी वाटते. उच्च व सर्वोच्च न्यायालये याचिकांमध्ये या मर्यादेवर थांबत नाहीत. वर्षानुवर्षे निष्फळ याचिका दाखल करणाऱ्या एका न्यासावर 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 25 लाख रुपयांचा खर्च बसवला. महाराष्ट्रात 1971 चा स्वतंत्र कायदाही आहे. महाधिवक्त्यांच्या (राज्य सरकारच्या सर्वोच्च वकिलाच्या) अर्जावरून उच्च न्यायालयाने एखाद्यास त्रासदायक दावेदार ठरवले, तर परवानगीवाचून त्याला नवा दावा दाखल करता येत नाही. शिवाय दाव्यासोबतच्या शपथपत्रावर सही आपली असते, वकिलाची नव्हे, आणि न्यायालयीन कामकाजात जाणूनबुजून खोटा पुरावा देण्यास भारतीय न्याय संहितेच्या कलम 229 प्रमाणे सात वर्षांपर्यंत कैद आहे.

प्रामाणिकपणे लढून हरणाऱ्यास खोटेपणाबद्दलची ही कारवाई लागू नाही. निकाल विरोधात गेला असेल तर त्यावर अपील हाच मार्ग आहे: जिल्हा न्यायालयात 30 दिवस, उच्च न्यायालयात 90 दिवस, आणि मुदत उलटली असल्यास सबळ कारणासह विलंबमाफीचा अर्ज.

म्हणून येताना निकालाची नक्कल, मनाई अर्जावरील आदेश, वाटणीपत्र, हक्कसोडपत्र, खासरा पत्रकाचा (जमिनीच्या जुन्या नोंदीचा) उतारा, जे असेल ते सगळे आणावे, आपल्या विरोधात जाणारा कागदसुद्धा. कागद हरवला असल्यास कोर्टाचे नाव, अंदाजे वर्ष आणि समोरच्याचे नाव सांगावे. नक्कल आम्ही काढून घेऊ आणि ती वाचल्यावरच दाव्याचा मसुदा लिहायला घेऊ.