हल्ला तिथे, धडधड इथे

२६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री मुंबईत छत्रपती शिवाजी टर्मिनसवर गोळीबार झाला. ती जागा कशी आहे, हे नाशिककरांना कुणी समजावून सांगावं लागलं नाही. पंचवटी एक्स्प्रेसने रोज तिथे उतरणारी माणसं इथे गल्लोगल्ली आहेत. पुढचे जवळजवळ साठ तास सिडकोपासून नाशिकरोडपर्यंत घराघरांत तेच दिसत राहिलं. १६६ माणसं गेली.

नुसतं पाहणाऱ्याच्या शरीरावर अशा प्रसंगाचा किती परिणाम होतो? १५ एप्रिल २०१३ च्या बोस्टन मॅरेथॉन स्फोटांनंतर कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या अर्व्हाइन इथल्या संशोधकांनी साडेचार हजारांहून अधिक अमेरिकी प्रौढांना प्रश्न विचारले. त्या आठवड्यात रोज सहा तास किंवा जास्त वेळ स्फोटाच्या बातम्या पाहिलेल्यांमध्ये तीव्र ताणाची लक्षणं प्रत्यक्ष झळ बसलेल्यांपेक्षाही अधिक आढळली. दचकणं, झोप उडणं, नको ते प्रसंग डोळ्यांपुढे येणं.

मुळात घाबरट माणसंच जास्त टीव्ही बघत असतील, ही शंका रास्त आहे. म्हणूनच संशोधकांनी लोकांचं आधीचं मानसिक आरोग्य हिशेबात धरलं. त्यातल्या अनेकांचा त्यांनी पुढे काही वर्षं मागोवा घेतला. तेव्हा दिसलं ते दुष्टचक्र: २०१३ मध्ये जास्त पाहिलेल्यांची धास्ती वाढली, आणि धास्तावलेल्यांनीच २०१६ च्या ऑर्लँडो हल्ल्याच्या बातम्या अधिक पाहिल्या.

मेंदूतला अमिग्डाला हा बदामाएवढा भाग धोका हेरतो. विचार पुरता होण्याआधीच तो शरीराला सावध करतो: अॅड्रेनलिन वाढतं, छाती धडधडते, मागोमाग कॉर्टिसॉल हे ताणाचं संप्रेरक येतं. चर्चेला बोलावलेला लेखक कितीही समंजस बोलू दे, पडद्याच्या अर्ध्या भागात तोच स्फोट फिरत असतो. शब्द धीर देतात आणि शरीर मात्र चित्राचं ऐकतं. मला यातला खरा दोष त्या पुन्हापुन्हा फिरणाऱ्या चित्रफितीचा वाटतो.

सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये कसाबच्या निकालात वाहिन्यांच्या थेट प्रक्षेपणावर कठोर ताशेरे ओढले. २०१५ पासून दहशतवादविरोधी कारवाई थेट दाखवायला मनाई आहे. नेमलेला अधिकारी वेळोवेळी सांगेल तेवढंच द्यायचं. हे जवानांच्या आणि ओलिसांच्या जिवासाठी आवश्यकच होतं. पण कारवाई संपल्यावर तीच दृश्यं दिवसभर फिरवू नयेत, असं हा नियम सांगत नाही. पहलगामच्या हल्ल्यानंतर तर अशी दृश्यं फोनवरच येत राहिली.

तोवर घरातच काळजी घ्यावी लागेल. माहिती हवीच, तर ती वाचून घ्यावी. दिवसभर टीव्हीच्या सोबतीने राहणाऱ्या आजी-आजोबांना संध्याकाळचं एक बातमीपत्र पुरे. लहान मुलाला तीच इमारत पुन्हा जळताना दिसली, की आणखी एक इमारत पेटली असं वाटू शकतं. त्याला जवळ घेऊन सांगा, की हे परवाचं आहे, आग विझली आहे, आणि टीव्ही बंद करा.