थाई करीत आंबट शेवटी का घालायचं?

मंडईत लाल गाजरं, मटार, फ्लॉवर, नवलकोल, रताळी यांचे ढीग लागले की या भाज्यांची थाई वळणाची करी करून पाहावीच. त्यातलं बरंचसं सामान आपल्या ओळखीचं असतं. नारळाचं दूध तर आपलंच. गवती चहाही कित्येकांच्या परसात असतो. आपण पात चहात उकळतो, थाई स्वयंपाकात खालचा पांढरा बुडखा ठेचून वाटणात जातो. आंबटपणासाठी लिंबाऐवजी चिंचेचा कोळ किंवा कोकमाचं आगळ घातलं तरी करी सुरेख लागते.

बिघडते ती आंबट घालण्याच्या वेळेमुळे. आमटीत चिंच पडते तेव्हा डाळ शिजलेली असते. त्याच सवयीने कच्च्या भाज्यांवर कोळ ओतला, की गाजर कचकचीत राहतं, मटार काळपट पडतात आणि नारळाचं दूध फुटतं. तिन्हींमागे आम्लच असतं.

आधी गाजराचं पाहू. वनस्पतीच्या पेशींना एकमेकींशी धरून ठेवण्याचं काम पेक्टिन करतं, विटांमधल्या चुन्यासारखं. उष्णतेने पेक्टिनच्या लांब साखळ्या तुटतात, पाण्यात विरघळतात आणि भाजी मऊ होते. पण हे तुटणं किती वेगाने होईल ते पाण्याच्या आंबटपणावर ठरतं. पीएच (आंबटपणाचं माप; आकडा जितका लहान तितकं आंबट) ४ च्या आसपास असला की ते सगळ्यात मंद असतं. नारळाच्या दुधाचा पीएच साधारण ६ असतो, म्हणून त्यात भाज्या बिनबोभाट शिजतात. घरी हे सहज पाहता येतं. दोन पातेल्यांत सारखं पाणी घ्या, एकात चिंचेचा दाट कोळ कालवा आणि सारख्या आकाराचे गाजराचे तुकडे दोन्हीकडे तेवढाच वेळ उकळा. साध्या पाण्यातला तुकडा चमच्याने दाबला की तुटेल, चिंचेतला चमच्याला दाद देणार नाही. सोड्याने उलटं होतं. चिमूटभर सोडा घातला की भाजी पटकन मऊ होते, पण गिचका होतो आणि ब-१ व क जीवनसत्त्वंही नष्ट होतात. तेव्हा सोड्याच्या वाटेला जाऊच नये.

आंबटाचा भाजी कडक ठेवण्याचा गुण कधी कामीही येतो. रताळं किंवा बटाटा करीत फुटून रस्सा पिठूळ होत असेल, तर त्या फोडी आधी थोड्या आंबट पाण्यात उकळून घ्याव्यात. आकार टिकतो.

मटारचा हिरवा रंग हरितद्रव्याचा. त्याच्या रेणूच्या मध्यभागी मॅग्नेशियमचा अणू बसलेला असतो. आम्लात तो निसटतो, त्याची जागा हायड्रोजन घेतो आणि हिरव्याचा मळकट शेवाळी होतो. भाज्यांमध्ये स्वतःचीही थोडी आम्लं असतात. त्यातली काही वाफेबरोबर निघून जातात. म्हणून मटार उघड्या भांड्यात शिजवावेत. फ्लॉवरलाही झाकण नको आणि फार वेळही नको, कारण तो जितका जास्त शिजेल तितका गंधकाचा उग्र वास वाढत जातो.

आता नारळाचं दूध. पाण्यात तेलाचे बारीक थेंब तरंगत असतात आणि त्यांच्याभोवतीची प्रथिनं त्यांना एकत्र येऊ देत नाहीत. ही प्रथिनं उष्णतेने गोठतात, आणि आम्लाने पीएच ४ कडे सरकला तरी गोठतात. आंबट आणि उकळी एकदम मिळाली की चोथा आणि पाणी वेगळं दिसलंच म्हणून समजा. सोलकढीत नारळ आणि कोकम गुण्यागोविंदाने नांदतात, कारण ती उकळायची नसते. थाई स्वयंपाकी मात्र सुरुवातीला हे दूध मुद्दाम फोडतात. दाट रस आटवायचा, तेल सुटू द्यायचं आणि त्याच तेलात वाटण परतायचं; मिरची-मसाल्यांचे स्वाद तेलात चांगले उतरतात. गाजराच्या रंगद्रव्यांनाही हे तेल हवंच असतं. केशरी गाजरातलं कॅरोटीन आणि लाल गाजरातलं लायकोपीन स्निग्ध पदार्थाबरोबरच शरीरात नीट शोषलं जातं.

वाटण परतलं की नारळाचा पातळ रस घालून गाजर आणि नवलकोल आधी शिजू द्यावेत, मग फ्लॉवर, मग मटार. उरलेला दाट रस त्यानंतर, तोही मंद आचेवर, खळखळून उकळी न आणता. गॅस बंद करून दोन मिनिटं थांबावं आणि मग आगळ चमच्याचमच्याने, चव घेत घालावं. आगळात मीठ असतं, म्हणून करीत वरून मीठ त्यानंतरच.