खाटेपाशी शिकलेली डॉक्टरकी : ग्रँट मेडिकलपासून कळवा-नेरुळपर्यंत

कळव्याच्या छत्रपती शिवाजी महाराज हॉस्पिटलमध्ये आपलं कुणी अ‍ॅडमिट असेल तर सकाळच्या राऊंडला मोठ्या डॉक्टरांच्या मागे एप्रन घातलेल्या पोरापोरींचा घोळका दिसतोच, आणि मग दुपारी त्यातलाच एखादा वही घेऊन एकटा येतो आणि पुन्हा तेच विचारतो, ताप कधीपासून, थंडी वाजून येतो का, घरात कुणाला टीबी होता का. नातेवाईक वैतागतात, आमच्या माणसावर शिकताय का म्हणतात. नको असेल तर नाही म्हणायचा हक्क पेशंटला आहेच. पण हे खाटेपाशी उभं राहून शिकणं म्हणजेच वैद्यकीय शिक्षण आहे, बाकी पुस्तकं, परीक्षा, विद्यापीठाचा शिक्का हे सगळं त्याच्या आजूबाजूचं, असं मला अगदी मनापासून वाटतं, आणि आपल्या मुंबई-ठाण्याकडचा इतिहास बघितला की ते जास्तच पटतं.

मुंबईत पाश्चात्त्य वैद्यक शिकवायचा पहिला सरकारी प्रयत्न १८२६ चा. डॉ. जॉन मॅक्लेनन यांच्या हाताखाली एक शाळा निघाली आणि तिथे मराठीतून सुद्धा शिकवायचे, त्यासाठी भाषांतरं करून घेतली होती. १८३२ मध्ये ती बंद पडली. पुढे गव्हर्नर सर रॉबर्ट ग्रँट यांनी मेडिकल कॉलेजचा विषय लावून धरला पण १८३८ मध्ये ते वारले, मग लोकांनीच वर्गणी काढून त्यांच्या नावाने कॉलेज उभं करायचं ठरवलं. सर जमशेटजी जीजीभॉय यांनी हॉस्पिटलसाठी एक लाख रुपये दिले. १८४५ मध्ये भायखळ्याला ग्रँट मेडिकल कॉलेज आणि जे.जे. हॉस्पिटल दोन्ही शेजारी शेजारी सुरू झालं, हे शेजारी असणं फार महत्त्वाचं. वर्गात हृदयाबद्दल ऐकायचं आणि भिंतीपलीकडे जाऊन धापा टाकणाऱ्या माणसाची नाडी धरायची. पहिले प्रमुख डॉ. चार्ल्स मोरहेड, आणि १८५१ मध्ये पहिली तुकडी बाहेर पडली त्यात आपले भाऊ दाजी लाड होते, ज्यांनी पुढे कडू कवठाच्या बियांच्या तेलाने कुष्ठरोगावर उपचार करून बघितले.

गंमत म्हणजे तेव्हा मुंबई विद्यापीठ नव्हतंच, ते आलं १८५७ ला आणि ग्रँट मेडिकल त्याला जोडलं गेलं १८६० मध्ये. म्हणजे डॉक्टर आधी आणि विद्यापीठ नंतर. ते विद्यापीठ पण लंडनच्या धर्तीवरचं, स्वतः शिकवायचं नाही, परीक्षा घ्यायची आणि पदवी द्यायची. त्याचा फायदा खूप झाला, सगळीकडे एकच मोजमाप आलं, आधी एल.एम., मग एल.एम. अँड एस., मग आपलं एम.बी.बी.एस. पण डॉक्टर घडत होता तो भायखळ्यातच.

आता ज्या माणसाबद्दल मला जास्त सांगायचंय तो हेन्री वँडाइक कार्टर. जगभरातली मेडिकलची पोरं ‘ग्रेज अ‍ॅनाटॉमी’ वाचतात, १८५८ मध्ये आलेल्या त्याच्या पहिल्या आवृत्तीतली चित्रं याने काढलेली. नाव झालं पुस्तक लिहिणाऱ्या ग्रेचं, आणि कार्टर त्याच वर्षी मुंबईला ग्रँट मेडिकलमध्ये अ‍ॅनाटॉमी शिकवायला आला आणि जवळपास तीस वर्षं राहिला, शेवटी प्रिन्सिपल झाला. त्याच्याकडे अनवाणी शेतात काम करणारे पेशंट यायचे, पाय सुजून त्याला भोकं पडलेली आणि त्यातून दाणे बाहेर पडणारे. ते दाणे त्याने मायक्रोस्कोपखाली धरले आणि हा बुरशीचा आजार आहे असं मांडलं.

मग आला १८७६-७८ चा मोठा दुष्काळ. दख्खनमधून उपाशी लोक मुंबईत आले आणि त्यांच्यात एक विचित्र ताप पसरला, पाच-सहा दिवस फणफणून यायचा, एकदम उतरायचा, माणूस बरा झाला वाटायचं आणि साधारण आठवड्याने परत तोच ताप. बर्लिनमध्ये ओबरमायर नावाच्या डॉक्टरला अशा पेशंटच्या रक्तात स्प्रिंगसारखे वळलेले जंतू आधी सापडले होते, कार्टरने १८७७ मध्ये मुंबईच्या पेशंटच्या रक्तात तेच दाखवले. ताप असला की जंतू दिसतात, उतरला की दिसेनासे होतात, हे कळायला त्याच पेशंटचं रक्त पुन्हा पुन्हा बघायला लागतं, म्हणजे खाट आणि मायक्रोस्कोप जवळ जवळच लागतात.

ताप परत का येतो हे कळायला मात्र पुढचं शतक उजाडावं लागलं. या जंतूच्या बाहेरच्या आवरणावर जी प्रथिनं असतात ती ओळखून आपलं शरीर प्रतिपिंडं बनवतं आणि बहुतेक जंतू मारतं, ताप उतरतो. पण जंतूच्या जीन्समध्ये त्या प्रथिनाचे वेगवेगळे नमुने साठवून ठेवलेले असतात, त्यातला एखादा बदलून घातलेले थोडे जंतू वाचतात आणि वाढतात, शरीराला ते नवेच वाटतात आणि परत पहिल्यापासून लढाई. आणि हा आजार पसरतो कसा? तर ते १९०७ मध्ये आपल्या नाशिकला कळलं. तिथल्या एका मिशनच्या वसतिगृहात मुलांमध्ये ताप खूप आणि मुलींमध्ये कमी, डॉ. मॅकी यांनी बघितलं तर मुलांच्या कपड्यात उवा जास्त होत्या. या उवा चिरडल्या की त्यातले जंतू खाजवलेल्या कातडीतून आत जातात. म्हणजे औषधाइतकंच धुतलेले कपडे आणि राहायला पुरेशी जागा महत्त्वाची, आणि हे वॉर्डात बसून कधीच कळलं नसतं.

याच ग्रँट मेडिकलमध्ये १८९६ च्या प्लेगच्या वेळी वाल्डेमार हाफकिन या शास्त्रज्ञाला एक तात्पुरती लॅब मिळाली. प्लेगचा जंतू १८९४ मध्ये हाँगकाँगला सापडला होता, पण लस करायची तर तो भरपूर वाढवायला पाहिजे. हाफकिनने मांसाच्या रश्शावर साजूक तुपाचे थेंब तरंगत ठेवले, त्या थेंबांना धरून जंतू खाली लोंबत वाढायचे, मग गरम करून मारायचे आणि तीच लस. १० जानेवारी १८९७ ला त्याने ती आधी स्वतःला टोचून घेतली आणि मग भायखळ्याच्या तुरुंगात, लस घ्यायला तयार झालेल्या कैद्यांना दिली, काहींना टोचली आणि काहींना नाही, आणि दोन्हीकडचे आकडे मांडले. आज आपण ज्याला ट्रायल म्हणतो त्याची ही सुरुवातीची पायरी, मुंबईतच. परळच्या ज्या हाफकिन संस्थेचं नाव आपण ऐकतो ती यातूनच पुढे उभी राहिली.

पण हे सगळं शिकायची दारं कोणाला उघडी होती? आनंदीबाई जोशींचं माहेर कल्याणचं, आपल्या ठाणे जिल्ह्यातलं. चौदाव्या वर्षी बाळंतपण झालं आणि बाळ दहा दिवसांत गेलं, तेव्हा बाईला बाईच डॉक्टर पाहिजे हे त्यांनी मनात धरलं. १८८३ मध्ये त्या अमेरिकेला निघाल्या आणि त्याच वर्षी ग्रँट मेडिकलने मुलींना प्रवेश द्यायला सुरुवात केली, हे वाचून मला फार चुटपुट लागते. पेनसिल्व्हेनियातून १८८६ मध्ये त्या डॉक्टर झाल्या, प्रबंधाचा विषय पण प्रसूतीचाच घेतला, आणि १८८७ च्या फेब्रुवारीत पुण्यात क्षयाने गेल्या, वय अवघं एकवीस. मुंबईत बायका-मुलांसाठीचं कामा हॉस्पिटल सुरू झालं ते १८८६ मध्ये.

शिकवणाऱ्यांचं पण तसंच होतं, मोठ्या जागा बहुतेक गोऱ्या लष्करी वैद्यकीय सेवेतल्या लोकांकडे. १९२० च्या दशकात परळला जी.एस. मेडिकल कॉलेज आणि के.ई.एम. उभं राहिलं तेव्हा सेठ गोर्धनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी देणगीला अटच घातली की शिकवणारे भारतीय पाहिजेत. मला ही देणगी नुसत्या पैशापेक्षा मोठी वाटते.

मग देशातल्या आरोग्यसेवेचा अभ्यास करणाऱ्या भोर समितीचा १९४६ चा अहवाल. त्यांनी सांगितलं की दोन दर्जाचे डॉक्टर नकोत, सगळ्यांना एकच साडेपाच वर्षांचं शिक्षण द्या, आणि त्यात तीन महिने समाजाचं आरोग्य शिकवा. आजच्या पोरांचा पीएसएम म्हणजे प्रिव्हेंटिव्ह अँड सोशल मेडिसिन हा विषय त्यातूनच आलाय.

आपल्याकडे खाडीच्या अलीकडे मात्र हे सगळं यायला फार उशीर झाला. ठाण्याहून मुंबईची रेल्वे १८५३ पासून, तरी मेडिकलला जायचं म्हणजे लोकल पकडून परळ, भायखळा नाहीतर सायन. नेरुळला डी.वाय. पाटील आणि कामोठ्याला एम.जी.एम. ही कॉलेजं १९८९ ची, आणि कळव्याचं राजीव गांधी मेडिकल कॉलेज ठाणे महापालिकेने काढलं ते १९९२ मध्ये. महापालिकेने स्वतःचं मेडिकल कॉलेज चालवणं ही साधी गोष्ट नाही, खर्च प्रचंड असतो, पण त्यामुळे मुंब्रा, दिवा, कळव्याच्या माणसाला रात्री-बेरात्री शिकवणाऱ्या डॉक्टरांचं हॉस्पिटल जवळ मिळतं. १९९८ मध्ये नाशिकला आरोग्य विज्ञान विद्यापीठ झालं आणि राज्यातल्या मेडिकल, डेंटल, आयुर्वेद, होमिओपॅथी, नर्सिंगच्या परीक्षा जुन्या विद्यापीठांकडून तिकडे गेल्या. डी.वाय. पाटील आणि एम.जी.एम. पुढे अभिमत विद्यापीठं झाली, म्हणजे पदवी पण त्यांचीच.

२०१९ पासून अभ्यासक्रम परत बदललाय आणि मला तो बदल आवडतो. पहिल्याच वर्षापासून पोरं पेशंटसमोर जातात, वाईट बातमी कशी सांगायची आणि संमती कशी घ्यायची हे पण शिकतात. त्यानंतर कुटुंब दत्तक घ्यायची पद्धत आली, प्रत्येक विद्यार्थ्याला शक्यतो गावातली काही कुटुंबं दिली जातात आणि तो त्यांच्याकडे वर्षानुवर्षं जात राहतो. मुरबाड-शहापूरसारखे तालुके आपल्याच जिल्ह्यात आहेत. वॉर्डात हिमोग्लोबिन सात असलेली बाई बेडवर आडवी असते, तिला लोहाच्या गोळ्या लिहून दिल्या जातात आणि केस संपते. तिच्या घरी गेलं की दिसतं पाणी किती लांबून आणावं लागतं, घरात सगळ्यात शेवटी कोण जेवतं आणि गेल्या महिन्याच्या गोळ्या डब्यात तशाच का पडल्यात.