स्वस्थानी संकरण : कोशिका व ऊतकांतील आरएनए-शोध

कोशिका किंवा ऊतक न विस्कटता, त्यातील ठरावीक आरएनए (जनुकावरून उतरलेली प्रत) नेमका कोठे आहे हे पूरक, म्हणजे त्याच्याशी जोडी जुळणाऱ्या अनुक्रमाच्या, खूण लावलेल्या रेणूने दाखवून देण्याची पद्धत. ‘इन सिटू’ या मूळ लॅटिन शब्दांचा अर्थ ‘जागच्या जागी’, त्यावरून मराठीत ‘स्वस्थानी’. प्रयोगशाळेतील बोलण्यात मात्र ‘आयएसएच’ किंवा नुसते ‘इन सिटू’ चालते; खूण प्रकाशमान रंगाची असेल तर ‘फिश’. शालेय पुस्तकांतील पेशी व ऊती यांनाच परिभाषेत कोशिका व ऊतक म्हणतात. खूण लावलेल्या रेणूसाठी सुश्रुतसंहितेतील ‘एषणी’, म्हणजे व्रणाची खोली पाहण्याची शलाका, हा शब्द अर्थाने चपखल आहे. पण तो वापरणारा तंत्रज्ञ भेटणे कठीण, म्हणून येथे ‘प्रोब’ हाच शब्द ठेवला आहे.

आरटी-पीसीआर हे नाव २०२० नंतर घरोघरी पोचले. त्या व तत्सम पद्धतींत नमुना विरघळवून त्यातला आरएनए वेगळा काढतात, त्यामुळे तो ‘किती’ हे कळते, पण ‘कोठे’ हे हरवते. कोल्हापुरी उदाहरण द्यायचे तर, रस काहिलीत उतरल्यावर मोळीतला किडका ऊस कोणता होता हे गुऱ्हाळवाल्यालाही सांगता येत नाही. गाठीतला एखादा आरएनए कर्ककोशिकांचा, की त्यांच्यात शिरलेल्या रक्तातील श्वेतकोशिकांचा, हा प्रश्न स्वस्थानी पद्धतीनेच नीट सुटतो.

उगम : या पद्धतीचा जन्म बहुतेक ग्रंथांत १९६९ असा दिलेला असतो. तो चूक नाही, पण आरएनएच्या बाबतीत अपुरा आहे. जोसेफ गॉल व मेरी लू पार्ड्यू यांचा येल विद्यापीठातील निबंध त्या वर्षीच्या जूनमध्ये, तर जॉन, बर्नस्टील व जोन्स यांचा ऑगस्टमध्ये प्रसिद्ध झाला. बुऑंजोर्नो-नार्देल्ली व अमाल्दी या इटालियन संशोधकांचे ऊतकाच्या कापांवरील काम १९७० मध्ये छापून आले. तिन्ही गट एकमेकांवर अवलंबून नव्हते असेच सामान्यतः मानतात. अग्रक्रम बहुधा गॉल-पार्ड्यू यांना मिळतो. त्यांनी झेनोपस बेडकाच्या अंडजनक कोशिकांत रायबोसोमी (प्रथिने बनवणाऱ्या यंत्रणेच्या) जनुकांचा साठा इतका स्पष्ट दाखवला की शंकेला जागा उरली नाही. मात्र या कामांत प्रोब आरएनएचा होता आणि शोध डीएनएचा. कोशिकेतला संदेशवाही (प्रथिन कसे बनवायचे याचा संदेश नेणारा) आरएनए शोधण्याची सुरुवात पाहायची तर हॅरिसन, काँकी, पॉल व जोन्स यांच्या १९७३ च्या निबंधाकडे यावे लागते. त्यांनी ग्लोबिन या हिमोग्लोबिनमधील प्रथिनाच्या संदेशवाही आरएनएचा ठाव किरणोत्सारी पूरक डीएनएने घेतला. प्रस्तुत नोंदीच्या विषयाचा आरंभबिंदू म्हणून हेच वर्ष धरणे अधिक सयुक्तिक वाटते.

याच्याही मागे जाता येते. १९४० च्या सुमारास ब्रुसेल्सचे झां ब्राशे व स्टॉकहोमचे टोरब्यॉर्न कास्परसन यांनी वेगवेगळ्या वाटांनी एकच गोष्ट दाखवली : प्रथिने भराभर बनवणाऱ्या कोशिकांत आरएनए विपुल असतो. कास्परसन यांनी जंबुपार (अतिनील) किरणांचे शोषण मोजले. ब्राशे यांनी मिथाइल ग्रीन व पायरोनिन ही रंगजोडी वापरली. पापेनहाइम व उन्ना यांच्या नावाने ओळखली जाणारी ही जोडी मुळात त्याच्या सुमारे चार दशके आधीची. ब्राशे यांचे वैशिष्ट्य रंगात नव्हे, पडताळ्यात होते. शेजारच्या कापावर आरएनए तोडणारे रायबोन्यूक्लिएज हे विकर (एन्झाइम) घालून त्यांनी लाल रंग नाहीसा होतो असे दाखवले. ‘दिसते ते आरएनएच कशावरून?’ या प्रश्नाचे हे उत्तर आजही वापरात आहे, त्यामुळे दोघांतले ब्राशे यांचे ऋण अधिक टिकाऊ म्हणता येईल. महाविद्यालयीन प्रात्यक्षिकात कांद्याच्या सालीवर हे रंजन करतात. केंद्रक हिरवट-निळे आणि केंद्रिका व कोशिकाद्रव्य गुलाबी दिसते. मात्र हा रंग आरएनएची जात ओळखत नाही. कोशिकेतील सुमारे ८० टक्के किंवा अधिक आरएनए रायबोसोमी असतो व संदेशवाही आरएनएचा वाटा काही टक्क्यांचाच, त्यामुळे पायरोनिनच्या लालीत एखादा विशिष्ट संदेश शोधणे अशक्यच.

कृती : ऊतक फॉर्मॅलिनमध्ये स्थिर करतात, मेणात बसवतात आणि ४ ते ५ मायक्रॉन जाडीचे काप काचपट्टीवर घेतात. फॉर्मॅलिनने प्रथिनांचे जाळे घट्ट होते, म्हणून प्रोटिनेज-के या विकराने ते बेताने सैल करावे लागते. कमी पडले तर प्रोब आत शिरत नाही, जास्त झाले तर कापच चाळणीसारखा होतो. मग प्रोबचे द्रावण घालून काचपट्टी रात्रभर ठरावीक तापमानाला ठेवतात. द्रावणात बहुधा ५० टक्के फॉर्मअमाइड असते. ते धाग्यांची जोडी सैल करते, त्यामुळे एरवी फार तापवून साधावे लागणारे काम ऊतकाला सोसेल अशा तापमानात होते. काप कडेने वाळला तर तेथे खोटा रंग धरतो. म्हणून ओलसर पेटी लागते. अनेक ठिकाणी झाकण घट्ट बसणारा जेवणाचा प्लास्टिकचा डबा आणि तळाशी भिजवलेला टिश्यू पेपर एवढ्यावर ते भागते.

खरा शत्रू रायबोन्यूक्लिएज. ब्राशे यांना उपयोगी पडलेले हे विकर घामात आणि बोटांवर असते. चार डायसल्फाइड बंधांमुळे ते उकळूनही कायमचे निकामी होत नाही. निवले की पुन्हा कामाला लागते. म्हणून हातमोजे, काचसामान १८० अंश सेल्सियस किंवा अधिक तापमानाला काही तास भाजणे, आणि पाण्यात ०.१ टक्का डायएथिल पायरोकार्बोनेट घालून रात्रभर ठेवून नंतर ते ऑटोक्लेव्ह करणे (दाबाखालील वाफेने तापवणे), ही शिस्त. हे रसायन ट्रिस या नेहमीच्या बफरशी अभिक्रिया करते, म्हणून ट्रिसचे द्रावण आधी शुद्ध केलेल्या पाण्यात बनवतात. नवशिके येथेच चुकतात.

पडताळ्यासाठी एका कापावर सर्वत्र आढळणाऱ्या जनुकाचा प्रोब, उदाहरणार्थ पीपीआयबी, आणि दुसऱ्यावर मानवी ऊतकात असूच शकत नाही अशा जिवाणू-जनुकाचा, बहुधा बॅसिलस सबटिलिसच्या डॅपबीचा प्रोब घालतात. पहिला उमटला नाही तर रुग्णाच्या कापावरील ‘नाही’ला अर्थ नाही.

पुढील वाटचाल : आरंभी ट्रिटियमसारखी किरणोत्सारी खूण आणि छायाचित्रण-पायस (किरणांनी काळा पडणारा लेप) यांवर भिस्त होती, काचपट्ट्या अंधारात आठवडे, कधी महिने ठेवाव्या लागत. लँगर, वॉल्ड्रॉप व वॉर्ड यांनी १९८१ मध्ये बायोटिन हे जीवनसत्त्व जोडलेली न्यूक्लिओटाइडे (डीएनए-आरएनएचे घटक) दिली आणि किरणोत्साराची गरज ओसरू लागली. पुढे डिजिटॅलिस वनस्पतींतील डिजॉक्सिजेनिनची खूण आली. बायोटिन यकृत व मूत्रपिंडात निसर्गतःच असते, डिजॉक्सिजेनिन मात्र नसते, म्हणून ते सरस ठरले. १९९८ मध्ये सिंगर यांच्या गटाने एकेक आरएनए रेणू सूक्ष्मदर्शकाखाली ठिपक्यासारखा दाखवला. २००८ मध्ये राज व सहकाऱ्यांनी सुमारे २० आधारकांचे (अनुक्रमातील अक्षरांचे), प्रत्येकी एकच खूण असलेले कितीतरी प्रोब एकाच रेणूवर बसवून ही पद्धत सोपी केली. मेणातल्या जुन्या कापांवर मात्र २०१२ च्या आरएनएस्कोप या पद्धतीने मोठा फरक पडला. त्यात प्रोब जोडीने येतात. दोघे शेजारी बसले तरच पुढची संदेशवर्धक साखळी जुळते, एकटादुकटा चुकून चिकटला तर काहीच दिसत नाही. २०१५ च्या मर्फिश या पद्धतीने एकाच कोशिकेतील शेकडो जातींचे आरएनए सांकेतिक क्रमाने वाचले. २०१६ मध्ये स्टॉकहोमच्या गटाने १०० मायक्रॉन व्यासाच्या ठिपक्यांवर ऊतकाचा नकाशा घेतला. तेवढ्या ठिपक्यात अनेक कोशिका मावतात, ही त्याची मर्यादा.

निदानातील उपयोग : एपस्टाइन-बार विषाणूचे ईबर नावाचे छोटे आरएनए कोशिकेत दहा लाखांच्या घरात किंवा त्याहून अधिक असू शकतात. म्हणून नासाग्रसनीच्या (नाकामागील घशाच्या) व काही लसिका-कर्करोगांत (लिम्फोमांत) ही चाचणी विश्वासार्ह मानतात. मायलोमासारख्या (प्लाझ्मा-कोशिकांच्या कर्करोगासारख्या) विकारांत प्रतिपिंडांच्या कॅपा व लॅम्डा साखळ्यांचे आरएनए पाहून प्लाझ्मा-कोशिका एकाच वंशाच्या आहेत का हे ठरवतात. घशाच्या कर्करोगात एचपीव्हीचे (ह्यूमन पॅपिलोमा विषाणूचे) ई-६ व ई-७ आरएनए दिसले तर विषाणू नुसता हजर नसून कार्यरत आहे असे म्हणता येते. दक्षिण महाराष्ट्रात तंबाखू-चुन्यामुळे होणारा गालाचा कर्करोग अधिक परिचयाचा; त्यात या विषाणूची भूमिका दुय्यम मानतात, त्यामुळे ही चाचणी तेथे सरसकट मागवणे फारसे उपयोगाचे नाही.

कोल्हापूर परिसर : शिवाजी विद्यापीठ (स्थापना १९६२) आणि शहरातील वैद्यकीय महाविद्यालये यांमुळे जीवविज्ञान व विकृतिविज्ञान दोन्हींचे विद्यार्थी येथे असतात. २०१९ व २०२१ च्या महापुरांत शहराच्या अनेक भागांतली वीज गेली होती. गोठवलेला आरएनए अशा वेळी धोक्यात येतो. ऊतक बसवलेला मेणाचा ब्लॉक मात्र कपाटात राहतो. कापांवरील स्वस्थानी पद्धत या भागाला सोयीची, ती त्यामुळे.

अडचण ब्लॉक बनण्याआधीची असते. ‘तुकडा तपासायला दिलाय’ असे लोक म्हणतात तो तुकडा चंदगड-आजऱ्याकडून पुष्कळदा नातेवाईकच बाटलीत घालून एसटीने घेऊन येतात. फॉर्मॅलिन बफरयुक्त नसेल, तुकडा जाड असेल किंवा बाटली चार दिवस दवाखान्याच्या फळीवर राहिली असेल, तर नेहमीच्या हिमॅटॉक्सिलिन-इओसिन रंजनात फारसे बिघडलेले दिसत नाही. आरएनए तोवर तुटलेला असतो. बाटलीच्या चिठ्ठीवर नाव, वय व अवयव लिहिलेला असतो. तुकडा फॉर्मॅलिनमध्ये किती वाजता पडला हे सहसा नसते, आणि पीपीआयबीचा काप फिका आला की दवाखान्यात फोन करून पहिल्यांदा विचारावे लागते ते हेच.