परवाना शुल्कवाढीला आव्हान द्यायचंय? आधी ठरावाची प्रत मिळवा

पुणे महापालिकेच्या आकाशचिन्ह (म्हणजे जाहिरात फलक) व परवाना विभागातून नूतनीकरणाचं चलन येतं, रक्कम गेल्या वर्षीच्या दुप्पट असते आणि व्यापारी संघटनेच्या बैठकीत ‘कोर्टात जाऊ’ असं ठरतं. जाता येतं. पण ‘एवढं परवडत नाही’ एवढ्यावर शुल्कवाढ रद्द होत नाही. ती वाढवण्याचा अधिकार होता का आणि रीत पाळली का, यावर प्रकरण उभं राहतं.

म्हणून वाढ कोणी केली ते आधी बघा. कॅम्पातल्या दुकानाचा परवाना पुणे कॅन्टोन्मेंट बोर्डाचा असेल, तर तिथे 2006 चा कॅन्टोन्मेंट कायदा लागतो. परमिट रूमचं शुल्क राज्य सरकार ठरवतं आणि तिथली लढाई फार अवघड असते, कारण दारूविक्री हा राज्याचा विशेषाधिकार आहे व परवाना शुल्क ही तो देण्याची किंमत आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने 1975 मध्येच म्हटलं आहे. पथारीवाल्यांना 2014 चा पथविक्रेता कायदा लागू होतो. त्यांच्या तक्रारींसाठी त्यात वेगळी निवारण समिती आहे.

महापालिकेच्या परवान्यांसाठी महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाचं कलम 386 वाचाच. दर आयुक्त ठरवतात, पण महापालिकेच्या मंजुरीने. म्हणजे नुसतं परिपत्रक पुरत नाही, मागे ठराव हवा. मार्च 2022 मध्ये सभागृहाची मुदत संपली आणि प्रशासक आले. त्या काळातली वाढ असेल, तर ठराव प्रशासकांचा असेल, तोही मागवा.

हे कागद माहिती अधिकारात मिळतात. अर्जाचे 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि 150 शब्दांची मर्यादा आहे. त्यामुळे एका अर्जात प्रस्ताव आणि ठराव मागा, दुसऱ्यात परवाना विभागाचं गेल्या काही वर्षांचं उत्पन्न आणि खर्च. हा दुसरा अर्ज बहुतेक जण करत नाहीत, आणि खरा मुद्दा तिथेच सापडतो. सिकंदराबाद-हैदराबाद हॉटेलमालकांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1999 मध्ये सांगितलं की नियमनासाठीच्या शुल्काच्या बदल्यात प्रत्यक्ष सेवा दिलीच पाहिजे असं नाही, मात्र शुल्क अवाजवी नसावं. वाढ अवाजवी आहे हे दाखवायला आकडेच लागतात. मागच्या तारखेपासून वसुली सुरू केली असेल, तर ते स्वतंत्र आणि भक्कम कारण आहे: कायद्याने तसा अधिकार स्पष्टपणे दिलेला नसेल, तर शुल्क पूर्वलक्षी लावता येत नाही.

दरम्यान परवाना संपू देऊ नका. वाद चालू असतानाही विनापरवाना व्यवसाय म्हणून कारवाई होऊ शकते. रक्कम भरा, पण त्याआधी ‘हक्क राखून, अंडर प्रोटेस्ट भरत आहोत’ असं लेखी पत्र आवक विभागात देऊन पोच घ्या. पुढे परतावा मागताना हेच पत्र कामाला येईल.

मग आयुक्तांना सविस्तर निवेदन द्या. महानगरपालिका अधिनियमाच्याच कलम 451 खाली राज्य सरकार महापालिकेचा ठराव निलंबित करू शकतं, तेव्हा नगरविकास विभागालाही प्रत पाठवा. उत्तर आलं नाही किंवा नकार आला, की राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात याचिका करता येते. दिवाणी दावा करायचा असेल, तर त्याच अधिनियमाच्या कलम 487 प्रमाणे आधी एक महिन्याची लेखी नोटीस आणि दावा सहा महिन्यांच्या आत, हे पाळावंच लागतं.

याचिका परवानाधारक स्वतः करू शकतो किंवा संघटना. संघटनेला नोंदणी प्रमाणपत्र, कार्यकारिणीचा ठराव आणि बाधित सभासदांची यादी लागेल. सोबत चालू व जुना परवाना, दोन्ही वर्षांची चलनं, ठरावाची प्रत, निवेदनाची पोच, प्रतिज्ञापत्र आणि वकीलपत्र. ऑगस्ट 2025 मध्ये सुरू झालेल्या उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचच्या कक्षेत पुणे जिल्हा नाही, त्यामुळे याचिका मुंबईतच दाखल होते. रिट याचिकेला ठरलेली मुदत नसली तरी उशिराचं कारण विचारलं जातं. वर्षभर थांबून गेलात तर पहिला प्रश्न तोच येईल. अंतरिम स्थगिती मिळालीच, तर ती बहुधा वाढीव रकमेचा काही भाग भरण्याच्या अटीवर असते, म्हणून तेवढी रक्कम बाजूला ठेवूनच दाखल करा.