एचपी (पोकेमॉन खेळमालिका)

एचपी (हिट पॉइंट्स) : पोकेमॉनच्या मुख्य व्हिडिओ खेळांत प्रत्येक पोकेमॉनच्या अंगी असलेल्या सहा स्टॅटपैकी, म्हणजे ताकद मोजणाऱ्या आकड्यांपैकी, पहिला. तो शून्यावर आला की पोकेमॉन मूर्च्छित होतो आणि त्या लढाईतून बाद होतो. अटॅक, डिफेन्स, स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि स्पीड हे बाकीचे पाच लढाईत वर-खाली होतात, पण संपत नाहीत. एचपी मात्र खर्चाचा आहे. स्वभावाचा, म्हणजे नेचरचा, त्याच्यावर परिणाम होत नाही आणि लढाईतल्या मूव्हने, म्हणजे डावाने, कमाल एचपी सहसा वाढवता येत नाही. त्यामुळे जे काही करायचे ते लढाईपूर्वीच करावे लागते. ते करताना आकडा जास्तीत जास्त मोठा करणे हे नेहमीच शहाणपणाचे नसते. अनेकदा एक एचपी कमी असणे फायद्याचे ठरते.

आकडा कसा निघतो. गेम फ्रीकने घडवलेले ‘रेड’ आणि ‘ग्रीन’ हे पहिले खेळ जपानमध्ये फेब्रुवारी १९९६ मध्ये निन्तेंडोच्या गेम बॉयवर आले. आज वापरात असलेले सूत्र तिसऱ्या पिढीपासूनचे (खेळांच्या एकेका टप्प्याला पिढी म्हणतात), म्हणजे २००२ च्या ‘रुबी’ आणि ‘सफायर’पासूनचे आहे :

एचपी = (२ × बेस + आयव्ही + ईव्ही ÷ ४) × लेव्हल ÷ १०० + लेव्हल + १०

यातला प्रत्येक भागाकार खाली पूर्णांकात आणला जातो, अपूर्णांक सरळ टाकून दिला जातो. बेस हा प्रजातीचा आकडा असतो. चॅरिझार्डचा ७८, स्नॉरलॅक्सचा १६०, चॅन्सीचा २५०, ब्लिसीचा २५५ (हा सर्वांत मोठा), तर डिगलेटचा अवघा १०. आयव्ही त्या-त्या पोकेमॉनचे जन्मजात, ० ते ३१. ईव्ही लढायांतून वगैरे कमावलेले. एका स्टॅटमध्ये २५२ पर्यंत उपयोगाचे, सगळे मिळून ५१०.

बाकीच्या स्टॅटच्या सूत्रात शेवटी नुसते ५ मिळवतात. एचपीत पूर्ण लेव्हल आणि वर १० मिळवतात. लेव्हल ५ चा चारमँडर घ्या. बेस ३९, म्हणजे ७८ अधिक आयव्ही, त्याचे पाच टक्के : ३ ते ५. त्यात १५ मिळवले की १८ ते २०. वीसातले पंधरा एचपी फुकटचे, प्रजातीचा त्यांच्याशी संबंध नाही. त्याच लेव्हलचा बल्बासॉर १९ ते २१ मध्ये येतो. म्हणून खेळाच्या सुरुवातीला सगळे पोकेमॉन साधारण सारखेच दणकट वाटतात आणि प्रजातींमधला खरा फरक लेव्हल चाळीस-पन्नासच्या पुढे उघडा पडतो. लेव्हल १०० ला, सगळे काही भरल्यावर, चॅरिझार्ड ३६० वर थांबतो, ब्लिसी ७१४ वर जाते.

या सूत्राला एकच ठळक अपवाद आहे, शेडिंजा. त्याचा एचपी कोणत्याही लेव्हलला १ च असतो आणि त्यात घातलेले ईव्ही वाया जातात. त्याच्या वंडर गार्ड या गुणामुळे फक्त त्याच्यावर प्रभावी ठरणाऱ्या प्रकारच्या मूव्हच लागतात. पण वाळूचे वादळ, विष, भाजणे यांना वंडर गार्ड अडवत नाही आणि एचपी एकच असल्यामुळे त्यांतला कुठलाही एक फटका पुरतो.

ईव्ही भरणे. हरवलेल्या प्रत्येक पोकेमॉनकडून ठरावीक स्टॅटचे ईव्ही मिळतात. एचपीसाठी वूपर आणि कॅटरपी १, जिगलीपफ आणि चॅन्सी २, ब्लिसी ३. पॉवर वेट हा आयटम अंगावर दिला की सातव्या पिढीपासून दर लढाईला आणखी ८ मिळतात (त्याआधी ४). म्हणजे वूपर हरवला की ९, आणि २८ वूपरमध्ये बरोबर २५२. एचपी अप ही बाटली १० देते. पूर्वी बाटल्यांनी १०० च्या वर जाता येत नसे. २०१९ च्या ‘सोर्ड’ आणि ‘शील्ड’पासून ती अट गेली, तेव्हा २६ बाटल्यांत काम होते. जास्त भरले गेले तर पोमेग बेरी १० उतरवते.

इथे दोन चुका ठरलेल्या. पहिली जुन्या खेळांतली : पाचव्या पिढीपर्यंत एका स्टॅटमध्ये २५५ ईव्ही जात. २५५ ला चारने भागले तर पूर्णांक ६३, आणि २५२ लाही ६३ च. दोन स्टॅटमध्ये २५५-२५५ घातले की ५१० संपले आणि तिसऱ्या स्टॅटला मिळू शकणारा एक पॉइंट गेला. दुसरी चूक लेव्हल ५० च्या स्पर्धांतली. तिथे आयव्ही ३१ असेल तर पहिले ४ ईव्ही एक पॉइंट देतात आणि पुढचा प्रत्येक पॉइंट ८ ईव्हींना पडतो : ४, १२, २०, २८ असे. कोणी १६ घातले तर त्यातले ४ फुकट गेले.

विषम आणि सम. लढाईतले बरेच परिणाम ‘अमुक इतके एचपी’ असे न मोजता कमाल एचपीच्या हिश्शात मोजले जातात. लेफ्टओव्हर्स हा आयटम दर फेरीला सोळावा हिस्सा भरून देतो, वाळूचे वादळ सोळावा हिस्सा काढते, साधे विष आठवा, सबस्टिट्यूट (स्वतःच्या एचपीतून ढालीसारखा बाहुला उभा करणारी मूव्ह) चौथा. भाजण्याचा हिस्सा सातव्या पिढीत आठव्यावरून सोळाव्यावर आणला. सगळीकडे भागाकार खाली येतो, म्हणून बाकी किती उरते यावर सामना फिरतो.

सर्वांत ओळखीचे उदाहरण स्टेल्थ रॉकचे. मैदानात पसरलेले हे दगड आत येणाऱ्या पोकेमॉनचा आठवा हिस्सा घेतात, पण प्रकारानुसार तो दुप्पट-चौपट होतो. चॅरिझार्ड आग आणि उडता या दोन्ही प्रकारांचा, त्यामुळे त्याला चौपट, म्हणजे अर्धा एचपी जातो. लेव्हल १०० ला आयव्ही ३१ आणि ईव्ही शून्य असताना त्याचा एचपी २९७. अर्धे १४८. पहिल्यांदा आत आला, १४९ उरले. दुसऱ्यांदा आला, १ उरला. अजून उभा आहे, एक मूव्ह मारू शकतो. आता नेहमीची सवय पाहा : २५२ अटॅकला, २५२ स्पीडला आणि उरलेले ४ ‘असू देत’ म्हणून एचपीत. एचपी झाला २९८, अर्धे १४९. दुसऱ्यांदा पाय ठेवताच तो आडवा. एक एचपी वाढवला आणि आख्खी एक फेरी गमावली. लेव्हल ५० लाही तेच : १५३ चांगला, १५४ वाईट. असे ४ ईव्ही डिफेन्समध्ये टाकावेत. ‘सोर्ड’ आणि ‘शील्ड’मध्ये दगडांचा त्रास बंद करणारा हेवी-ड्यूटी बूट्स हा आयटम आला. तो अंगावर असेल तर ही काळजी मिटते.

अझुमॅरिलचे गणित नेमके उलटे. बेली ड्रम ही मूव्ह कमाल एचपीचा अर्धा भाग खर्चून अटॅक टोकाला नेते. अंगावर सिट्रस बेरी असेल तर एचपी अर्ध्यावर किंवा त्याखाली येताच ती खाल्ली जाते आणि चौथा हिस्सा परत मिळतो. लेव्हल ५० च्या अझुमॅरिलचा एचपी ईव्हीशिवाय १७५. ड्रमने ८७ गेले, ८८ उरले. १७५ चे अर्धे साडेसत्याऐंशी, म्हणजे ८८ हे अर्ध्यापेक्षा जास्तच, आणि बेरी तशीच राहते. तेच ४ ईव्ही इथे घातले की एचपी १७६, खर्च ८८, उरले ८८, बेरी लागली. ज्या सवयीने चॅरिझार्ड बुडतो तीच अझुमॅरिलला तारते, म्हणून सरसकट नियम सांगणाऱ्यांचे ऐकू नये.

सोळाव्या हिश्शाचेही असेच. ३०४ ला सोळाने भागून १९, ३०३ ला १८. लेफ्टओव्हर्स असेल तर सोळाच्या पटीत बसावे, वादळात फिरायचे असेल तर पटीच्या एक खाली. सबस्टिट्यूटसाठी ४०४ हा आकडा जुन्या खेळाडूंना पाठ असतो. त्याचा चौथा हिस्सा १०१, आणि लेव्हल १०० च्या पोकेमॉनने मारलेला साइझ्मिक टॉस बरोबर १०० काढतो, म्हणजे बाहुला एक एचपीवर टिकून राहतो. सूत्रात घालून पाहिले तर ४०४ म्हणजे बेस १०० ची कमाल : मेव, सेलेबी, जिराची. बेस ९९ असता तर हे जमले नसते.

एचपी की डिफेन्स. घाव सोसण्याची ताकद हा एचपी आणि डिफेन्सचा गुणाकार आहे. गुणाकारात लहान संख्या वाढवलेली जास्त फळते. ब्लिसीचा बेस डिफेन्स १० आहे. लेव्हल १०० ला ईव्हीशिवाय तिचा एचपी ६५१, डिफेन्स ५६. २५२ ईव्ही एचपीत घातले तर ७१४, म्हणजे दहा टक्केही वाढ नाही. तेच डिफेन्समध्ये घातले तर ५६ चे ११९, दुपटीहून जास्त. म्हणून एवढा एचपी असूनही जाणकार तिच्या एचपीत सहसा आधी ईव्ही घालत नाहीत. शकलचे उलटे : डिफेन्स २३०, स्पेशल डिफेन्सही २३०, एचपी २०. त्याचा एचपी १८१ वरून २४४ झाला की सुमारे ३५ टक्के वाढ मिळते, आणि तीही साध्या आणि स्पेशल अशा दोन्ही घावांवर एकदम लागू होते. बहुतेक मधल्या पोकेमॉनांसाठी एचपी आधी हे धोरण ठीक चालते, कारण डिफेन्स एकाच प्रकारच्या घावाला रोखतो.

पकडताना. जंगली पोकेमॉनला पकडण्यासाठी बॉल मारताना तो पकडला जाण्याच्या शक्यतेला (३ × कमाल − २ × सध्याचा) ÷ (३ × कमाल) हा एचपीचा गुणक लागतो. पूर्ण एचपीला तो एक-तृतीयांश, अर्ध्यावर दोन-तृतीयांश, एक एचपीवर जवळजवळ पूर्ण. लकव्याचा गुणक दीड. म्हणजे पोकेमॉन अर्ध्यावर आहे आणि पुढच्या घावाने मरेल अशी भीती असेल, तर घाव घालू नये, लकवा द्यावा. अर्ध्यावरून एकावर आणण्याइतकाच लाभ होतो, धोका नाही. झोपेचा गुणक दुप्पट आणि पाचव्या पिढीपासून अडीचपट. फॉल्स स्वाइप ही मूव्ह एक एचपी नेहमी शिल्लक ठेवते. विष किंवा भाजणे मात्र टाळावे. त्यांचाही गुणक दीडच आहे, पण एक एचपीवर आणलेला दुर्मिळ पोकेमॉन पुढच्या फेरीअखेर विषानेच पडतो आणि अशी फसगत झालेले खेळाडू पुष्कळ आहेत.

जुन्या खेळांतला एचपी. पहिल्या दोन पिढ्यांत आयव्हीऐवजी डीव्ही होते, ० ते १५, आणि एचपीला स्वतःचा डीव्हीच नव्हता. तो इतर चौघांवरून काढत : अटॅकचा डीव्ही विषम असेल तर ८, डिफेन्सचा विषम तर ४, स्पीडचा २, स्पेशलचा १, यांची बेरीज. यातून दुसऱ्या पिढीत एक विचित्र देवघेव झाली. हिडन पॉवर या मूव्हचा प्रकार अटॅक आणि डिफेन्सच्या डीव्हीवर ठरे. आगीची हिडन पॉवर हवी तर अटॅक १४, डिफेन्स १२. दोन्ही सम, म्हणून एचपीचा डीव्ही १५ ऐवजी ३, आणि लेव्हल १०० ला २४ एचपी कमी. त्याच पिढीत वेगळ्या रंगाच्या, म्हणजे शायनी, पोकेमॉनचे डिफेन्स, स्पीड आणि स्पेशल हे तिन्ही डीव्ही १० असावे लागत. त्यामुळे त्यांचा एचपीचा डीव्ही ० किंवा ८ यापलीकडे जातच नसे.

पहिल्या पिढीतला एक दोष आजही त्या खेळाच्या स्पर्धांत हिशेबात धरावा लागतो. रिकव्हर, सॉफ्टबॉइल्ड आणि रेस्ट या मूव्ह एचपी भरलेला आहे का ते आधी तपासतात. ती तपासणी दोन बाइटच्या आकड्यांची तुलना चुकीची करते, त्यामुळे कमाल आणि सध्याच्या एचपीत नेमके २५५ किंवा ५११ चे अंतर असले की मूव्ह फसते. चॅन्सीची तेव्हाची कमाल ७०३. तिचा एचपी ४४८ किंवा १९२ वर आला की सॉफ्टबॉइल्ड चालत नाही. अशा वेळी दुसरी मूव्ह वापरून एक फेरी काढावी. ‘एमरल्ड’मध्ये असाच घोळ पोमेग बेरीने होई. ती कमाल एचपीबरोबर सध्याचा एचपीही उतरवी, आणि एकच एचपी उरलेल्या पोकेमॉनला ती दिली की हिशेब शून्याच्याही खाली घसरे.

गेम बॉयच्या पडद्यावर एचपीची पट्टी ४८ ठिपक्यांची होती. प्रतिस्पर्ध्याचा आकडा दिसत नसे, फक्त पट्टी दिसे. ब्लिसीच्या बाबतीत एक ठिपका म्हणजे सुमारे १५ एचपी. रंगीत पडद्यावर पट्टी अर्ध्यापर्यंत हिरवी, त्याखाली पिवळी, पाचव्या हिश्शाच्या आसपास लाल आणि सोबत कानात बसणारी ती पीप-पीप.

पोकेमॉन गो. भारतात हा मोबाइलवरचा खेळ डिसेंबर २०१६ मध्ये रिलायन्स जिओच्या सहकार्याने आला आणि तिथून मुख्य खेळांकडे वळलेल्यांचा एचपीबाबत हमखास गोंधळ होतो. ‘गो’मध्ये आयव्ही ० ते १५ असतात, ईव्ही नसतातच, आणि सूत्रही वेगळे : बेस एचपीला पावणेदोनने गुणून ५० मिळवतात, ब्लिसीसाठी ते ४९६ येतात. त्यात आयव्ही मिळवून लेव्हलच्या गुणकाने गुणतात. तिथला चांगला एचपी इकडे जसाच्या तसा येत नाही.